बेसूर गळा आणि संत्र्याची साल

रंगमंचावर दोन गायक येतात. एक अंगाने भरभक्कम, दुसरा वयस्कर आणि काटकुळा. ते गाऊ लागतात आणि थोड्याच वेळात वरच्या गॅलरीतून त्यांच्यावर मारा सुरू होतो. खालच्या महागड्या आसनांवर बसलेला एक झिंगलेला धनिकही अस्वस्थ होऊन उठतो. गायकांचा एकही स्वर कोणाच्या कानी पडलेला नसतो, कारण हा मूकपट आहे. तरीही हे दोघे भयंकर गात असले पाहिजेत, याविषयी शंभर वर्षांहून अधिक काळ कोणाही प्रेक्षकाच्या मनात शंका आलेली नाही.

हा मूकपट म्हणजे चार्ली चॅप्लिनचा 'अ नाइट इन द शो'. एस्सने या कंपनीने तो २० नोव्हेंबर १९१५ रोजी प्रदर्शित केला. दोन रिळांचा, पंचवीस मिनिटांच्या आतबाहेरचा हा विनोदपट चॅप्लिनच्या श्रेष्ठ कृतींमध्ये गणला जात नाही आणि तसा आग्रह धरण्याचेही कारण नाही. 'द गोल्ड रश' किंवा 'सिटी लाइट्स' यांच्या पंक्तीत त्याला बसविणे म्हणजे बालगीताची तुलना महाकाव्याशी करण्यासारखे होईल. परंतु चॅप्लिनच्या पुढील सर्व कामाच्या मुळाशी जी एक जखम होती, तिच्या अगदी जवळून हा लहानसा चित्रपट हसत हसत निघून जातो. त्यासाठी तो पुन्हा एकदा लक्षपूर्वक पाहण्याजोगा आहे.

कथानक असे जवळजवळ नाहीच. एका संध्याकाळी एका नाट्यगृहात मनोरंजनाचा कार्यक्रम आहे आणि तेथे दोन उपद्रवी प्रेक्षक आलेले आहेत. या दोन्ही भूमिका चॅप्लिननेच केल्या आहेत. पहिला मिस्टर पेस्ट, म्हणजे मूर्तिमंत पीडा. अंगात उंची संध्यापोशाख, केस चापून बसविलेले, चेहऱ्यावर मद्याने आलेले गांभीर्य. दुसरा मिस्टर राउडी, म्हणजे दांडगोबा. हा कष्टकरी वर्गातला, सर्वांत स्वस्त तिकिटाच्या गॅलरीत बसलेला आणि तोही पेस्टइतकाच तर्र. श्रीमंताचा उपद्रव खालच्या मजल्यावर, गरिबाचा वरच्या मजल्यावर. चॅप्लिनचा जगप्रसिद्ध भटक्या, म्हणजे ती गोल टोपी, आखूड कोट, ढगळ विजार आणि वेताची छडी, या चित्रपटात कोठेच नाही.

पेस्ट एका आसनावरून दुसऱ्यावर जातो, लोकांच्या पायांवर पाय देतो आणि अखेर पहिल्या रांगेत वाद्यवृंदाच्या संचालकाशीच त्याची जुंपते. त्याला बाहेर काढले जाते. बाहेरच्या दालनात तो एका स्थूल महिलेला कारंज्यात ढकलतो आणि काही झालेच नाही अशा थाटात परत येऊन बसतो, तो एडना पर्व्हायन्सने रंगविलेल्या सुंदर स्त्रीच्या शेजारी. वरून राउडी त्यांच्यावर बिअर ओततो. रंगमंचावर एकामागून एक सामान्य दर्जाचे कलावंत येत राहतात. त्यांत नर्तकी आहे, साप खेळविणारी आहे, आग गिळणारा आहे आणि आरंभी उल्लेखिलेले दोन गायकही आहेत. त्या गायकांची नावे डॉट आणि डॅश.

नावातली गंमत आजच्या तरुण वाचकांच्या चटकन ध्यानी येणार नाही. डॉट आणि डॅश म्हणजे तारायंत्राच्या मोर्स लिपीतील बिंदू आणि रेघ, आपल्याकडच्या तारमास्तरांचे 'कट्ट कडकट्ट'. तारेने पैसे पाठविण्याचे दिवस ज्या ज्येष्ठ बँक कर्मचाऱ्यांनी पाहिले आहेत, त्यांना तो आवाज परिचित असेल. भारतातील तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली. गायकांना अशी नावे देणे म्हणजे त्यांच्या गाण्यात स्वर नसून नुसती टकटक आहे असे सुचविणे. आवाज नसलेल्या चित्रपटात बेसूरपणाची पहिली सूचना ही अशी नावातून मिळते. जाड्या डॅशची भूमिका बड जेमिसन या नटाने केली आणि रोडक्या डॉटची जेम्स टी. केली याने. दोघेही त्या काळातील चॅप्लिनच्या नेहमीच्या मंडळींपैकी.

न ऐकू येणारे गाणे

वाईट गाणे ऐकविणे सोपे आहे. वाईट गाणे दाखविणे मात्र कठीण, आणि तेही अशा माध्यमात जेथे चांगले गाणेही ऐकू येत नाही. मूकपटाच्या दिग्दर्शकासमोर हा चमत्कारिक पेच असे. पडद्यावर उघडलेले तोंड हे श्रेष्ठ गायिकेचेही असू शकते आणि गल्लीतल्या हौशी गवयाचेही. दोघांची तोंडे सारखीच उघडतात.

यातून सुटण्याचा मार्ग म्हणजे कॅमेरा गाणाऱ्याइतकाच ऐकणाऱ्याकडे वळविणे. गाणे कसे आहे हे गायकाच्या मुखावर वाचता येत नाही, पण श्रोत्याच्या मुखावर ते स्पष्ट उमटते. 'अ नाइट इन द शो'मध्ये रंगमंच आणि प्रेक्षागृह यांच्यात दृश्य सतत ये-जा करते आणि खरा खेळ प्रेक्षागृहातच चाललेला आहे हे पाहणाऱ्याला पहिल्या काही मिनिटांतच उमगते. गायकाचा दर्जा त्याच्या अंगावर काय येऊन आदळते, यावरून ठरतो.

शिवाय मूकपट तसा पूर्णपणे मूक कधीच नव्हता. चित्रगृहात पडद्याखाली पियानोवादक किंवा छोटा वाद्यवृंद बसलेला असे, जसे आपल्याकडे पुढे पेटी-तबलेवाले बसत. पडद्यावर गाणे सुरू झाले की त्याला सूर पुरविणे हे त्या वादकाचे काम. तो चतुर असेल तर मुद्दाम चुकीची पट्टी दाबून सभागृहात हशा पिकवू शकत असे. म्हणजे एकाच चित्रपटातील गायक एका गावी किंचित बेसूर, तर दुसऱ्या गावी अत्यंत बेसूर ठरण्याची सोय होती. बोलपट आल्यावर हे स्वातंत्र्य संपले.

कार्नोची शाळा

हा चित्रपट चॅप्लिनच्या डोक्यातून एकाएकी उगवलेला नाही. त्याचे मूळ इंग्लंडमधील म्युझिक हॉल या रंगपरंपरेत आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लंडनमध्ये आणि इंग्लंडच्या औद्योगिक शहरांत या सभागृहांना मोठा बहर आला. एकाच तिकिटात गायक, नकलाकार, कसरतपटू, जादूगार, मूकनाट्य असे सारे काही पाहावयास मिळे. पिटातला आणि गॅलरीतला प्रेक्षक खात-पीत, गप्पा मारीत कार्यक्रम पाही. आवडले तर ध्रुवपदात सूर मिळवी, न आवडले तर हुर्यो उडवी. दाद आणि शिक्षा या दोन्ही गोष्टी तेथे रोखीने मिळत.

या जगातील एक मोठा नाव कमावलेला निर्माता म्हणजे फ्रेड कार्नो. मूळ नाव फ्रेडरिक जॉन वेस्टकॉट, जन्म १८६६. दक्षिण लंडनमधील कॅम्बरवेल भागात त्याचे कार्यालय, तालमीची जागा आणि नेपथ्याचे कोठार एकत्र होते. त्या जागेला 'फन फॅक्टरी', म्हणजे हास्याचा कारखाना म्हणत. त्या काळी म्युझिक हॉलच्या परवान्यात संवादप्रधान नाटके करण्यास मज्जाव असे. कार्नोने त्यावर तोडगा काढला. त्याची प्रारंभीची प्रहसने शब्दांवाचून, केवळ हालचालींवर उभी राहिली. कायद्याने तोंड बंद केले म्हणून नटांचे हातपाय बोलू लागले आणि पुढे मूकपटाला जेव्हा अशाच नटांची गरज पडली, तेव्हा कार्नोच्या तालमीतली मंडळी आयती तयार होती. चॅप्लिन आणि पुढे लॉरेल-हार्डी या जोडीने अजरामर झालेला स्टॅन लॉरेल हे दोघेही याच कारखान्यातून बाहेर पडले.

१९०४ साली कार्नोने 'ममिंग बर्ड्स' नावाचे प्रहसन रंगभूमीवर आणले. अमेरिकेत ते 'अ नाइट इन अ‍ॅन इंग्लिश म्युझिक हॉल' या नावाने गाजले. रंगमंचावर आणखी एक छोटा रंगमंच उभारलेला, त्याच्या दोन्ही बाजूंस प्रेक्षकांचे बॉक्स. आतल्या रंगमंचावर एकाहून एक रद्दड कार्यक्रम होत. त्यांत रडवे गीत गाणारा गायक होता, समूहगायक होते, हात चलाखीत कच्चा असलेला जादूगार होता आणि शेवटी सर्वांना आव्हान देणारा 'भयंकर तुर्क' पहिलवान. एका बॉक्समध्ये खाऊची पिशवी घेऊन आलेला शाळकरी मुलगा, दुसऱ्यात झिंगलेला उच्चभ्रू गृहस्थ. मुलगा पाव फेकी, गृहस्थ अंगावर धावून जाई आणि बाहेरचे खरे प्रेक्षक आतल्या खोट्या प्रेक्षकांना पाहून पोट धरधरून हसत.

हा झिंगलेला गृहस्थ म्हणजे चॅप्लिनची हातखंडा भूमिका. तो बॉक्समध्ये प्रवेश करी, हातमोजा काढी, सेवकाला बक्षिसी देई आणि नंतर त्याच मोकळ्या हातावरचा नसलेला मोजा पुन्हा सोलून काढण्याचा प्रयत्न करी. विजेच्या दिव्याच्या गोळ्यावर सिगारेट पेटविण्याची खटपट करी. समोरच्या बॉक्समधून कोणी काडी पुढे केली की तिच्याकडे झुकता झुकता सरळ बॉक्सबाहेर कोसळे. १९१० ते १९१३ या काळात कार्नोच्या कंपनीबरोबर त्याने अमेरिकेचे दोन दौरे केले. दुसरा दौरा चालू होता त्याच वर्षी, ३ मे १९१३ रोजी, मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला होता. त्या वर्षाच्या अखेरीस चॅप्लिनने कार्नोला रामराम ठोकला आणि आठवड्याला दीडशे डॉलरवर कीस्टोन चित्रसंस्थेत गेला. वर्षभरात तो एस्सनेकडे वळला तेव्हा हा आकडा साडेबाराशे डॉलर झाला होता, वर दहा हजारांचे बक्षीस वेगळे. १९१६ मध्ये म्युच्युअल कंपनीने त्याला आठवड्याला दहा हजार डॉलर आणि करारावर सही करताना दीड लाख डॉलर दिले. व्याजाचे दर कोळून प्यालेल्या बँक अधिकाऱ्यालाही ही वाढ पाहून चष्मा पुसावा लागेल.

एस्सनेतील मुक्कामाच्या अखेरीस त्याने 'ममिंग बर्ड्स'चाच आराखडा पडद्यावर आणला. बॉक्समधला मुलगा तेथे राहिला, रद्दड कलावंत राहिले, झिंगलेला गृहस्थ राहिला. मात्र रंगमंचावरच्या प्रहसनात नसलेली एक गोष्ट त्याने नव्याने घातली. गॅलरी. तेथे बसलेला राउडी हा त्या अर्थाने चॅप्लिनची स्वतःची भर.

आल्डरशॉटची रात्र

आता जी हकीकत सांगावयाची, ती चॅप्लिनने १९६४ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आत्मचरित्रात लिहून ठेवलेली आहे.

त्याची आई हॅना ही म्युझिक हॉलमध्ये गाणारी कलावती होती. लिली हार्ले हे तिचे रंगभूमीवरचे नाव. वडीलही गायक. तेही चार्ल्स चॅप्लिनच. पती-पत्नी विभक्त झालेले, पदरी चार्ली आणि त्याच्याहून चार वर्षांनी मोठा सिडनी अशी दोन मुले. हॅनाचा गळा नाजूक होता. साध्या सर्दीपडशाने बसलेला आवाज आठवडेच्या आठवडे सुटत नसे. काम सोडणे परवडत नव्हते, त्यामुळे आवाज अधिकच बिघडत गेला. गाता गाता तो मध्येच फुटे, कुजबुजीइतका क्षीण होई आणि प्रेक्षक हसू लागत. तिला मिळणारी कामे कमी होऊ लागली.

१८९४ साली आल्डरशॉट येथे तिचा कार्यक्रम होता. आल्डरशॉट हे लष्करी छावणीचे गाव. तेथील नाट्यगृह बव्हंशी शिपायांनी भरलेले असे आणि त्या रांगड्या प्रेक्षकांसमोर उभे राहण्याचा बहुतेक कलावंतांना धसका वाटे. भाड्याच्या खोलीत मुलाला एकटे ठेवण्यापेक्षा बरोबर नेलेले बरे, म्हणून हॅना पाच वर्षांच्या चार्लीला नाट्यगृहात घेऊन गेली होती. तो विंगेत उभा राहून पाहत होता.

गाण्याच्या मध्येच तिचा आवाज फुटला. सभागृहात हशा झाला. कोणी मुद्दाम किनऱ्या आवाजात तिची नक्कल करू लागले, कोणी मांजराचा आवाज काढू लागले. गोंगाट वाढत गेला आणि तिला रंगमंच सोडावा लागला. विंगेत आल्यावर ती व्यवस्थापकाशी त्रासिक स्वरात बोलत होती. व्यवस्थापकाने या मुलाला पूर्वी आईच्या स्नेह्यांपुढे गाताना पाहिले होते. वेळ मारून नेण्यासाठी त्याने त्याचा हात धरून त्याला रंगमंचावर आणले, प्रेक्षकांना दोन शब्द सांगितले आणि तेथे एकटे सोडून तो निघून गेला.

झगझगीत दिव्यांसमोर तो पाच वर्षांचा मुलगा गाऊ लागला. गाणे 'जॅक जोन्स' नावाचे, त्या वेळी सर्वांच्या तोंडी असलेले. अर्ध्यावर आला नाही तोच रंगमंचावर नाण्यांचा पाऊस सुरू झाला. मुलाने गाणे थांबविले आणि आधी पैसे गोळा करतो, मग उरलेले गाणे म्हणतो, असे गंभीरपणे जाहीर केले. सभागृह हसून लोटपोट झाले. व्यवस्थापक रुमाल घेऊन नाणी वेचावयास मदतीला आला. हा मनुष्य पैसे स्वतःच ठेवून घेणार, असे मुलाला वाटले. ती शंका चेहऱ्यावर उमटली तसे प्रेक्षक आणखी हसले. व्यवस्थापक विंगेकडे निघाला तेव्हा मुलगा काळजीने त्याच्या पाठोपाठ गेला आणि रक्कम आईच्या हाती पोहोचल्याची खात्री करूनच परत गावयास आला. रोखपालाच्या खिडकीपाशी नोटा मोजल्यावाचून न हलणारे ग्राहक अनेक असतात. त्यांचा हा सर्वांत धाकटा पूर्वज म्हणावयास हरकत नाही.

यापुढचा भाग मात्र हसून सोडण्यासारखा नाही. मुलगा आता रंगात आला होता. त्याने नाच केला, नकला केल्या. त्यांत आईच्या एका गाण्याचीही नक्कल होती. गाणे म्हणता म्हणता, कोणताही वाईट हेतू मनात नसताना, त्याने आईचा आवाज जसा फुटला होता तसाच फोडून दाखविला. आईची रोज ऐकलेली लकब त्याच्या लेखी त्या गाण्याचाच भाग असावी. त्यावर झालेल्या हशाने आणि टाळ्यांनी तो स्वतः चकित झाला. पुन्हा नाणी आली. आई त्याला न्यावयास रंगमंचावर आली तेव्हा तिलाही प्रचंड टाळ्या पडल्या. ती रात्र म्हणजे त्याचा रंगभूमीवरचा पहिला प्रवेश आणि आईचा अखेरचा, अशी नोंद त्याने करून ठेवली आहे. आईचा आवाज पुन्हा कधीच पूर्ववत झाला नाही.

त्यानंतरची उतरण वेगाने झाली. दागिने, कपडे एकेक करून गेले. शिवणकामावर गुजराण चालली होती, तर हप्ते थकल्यामुळे शिवणयंत्रही उचलून नेले गेले. १८९६ मध्ये हॅना आणि दोन्ही मुले लॅम्बेथच्या अनाथ-निर्धनांच्या आश्रयगृहात दाखल झाली. तेथे आईला एकीकडे आणि मुलांना दुसरीकडे ठेवीत. पुढे हॅनाचे मानसिक संतुलन ढळले आणि मनोरुग्णालयाच्या वाऱ्या सुरू झाल्या. वडील १९०१ साली, वयाच्या अडतिसाव्या वर्षी मद्यपानापायी गेले. रंगमंचावर झिंगलेल्या माणसाची हुबेहूब बतावणी करणाऱ्या या नटाला तिचा नमुना शोधावयास दूर जावे लागले नव्हते.

सालीचा दुसरा वार

टवाळी झेलण्याची पाळी खुद्द चॅप्लिनवरही आली. कार्नोकडे जाण्यापूर्वी, विशीच्या आतच, त्याने एकट्याने विनोदी कार्यक्रम करण्याचा घाट घातला होता. पूर्व लंडनमधील फॉरेस्टर्स म्युझिक हॉल येथे त्याला आठवडाभराची बिनपगारी संधी मिळाली. हे सभागृह ज्यू वस्तीच्या मध्यावर, आणि या तरुणाने एका अमेरिकन पुस्तकातून ज्यूंविषयीचे विनोद वेचून, 'सॅम कोहेन' हे नाव धारण करून, खोटी दाढी लावून प्रवेश केला. आपण ज्यांची थट्टा करणार आहोत तेच समोर बसले आहेत, एवढे साधे भानही त्याला राहिले नाही. पहिल्या दोन-चार विनोदांनंतर नाणी आणि संत्र्यांच्या साली अंगावर येऊ लागल्या. पाय आपटणे, ओरडणे सुरू झाले. त्याने वेग वाढविला, तसा माराही वाढला. अखेर तो रंगमंचावरून निघाला तो थेट नाट्यगृहाबाहेर. आपल्या संगीताच्या वह्या घेण्यासाठीही परत गेला नाही.

आल्डरशॉटला नाणी आली ती कौतुकाने, येथे आली ती संतापाने. धातू तोच. या प्रसंगातून आपला पिंड प्रेक्षकांशी थेट सलगी करणाऱ्या एकट्या विनोदवीराचा नाही, आपले बळ पात्र उभे करण्यात आहे, हे त्याला कळून चुकले. १९०८ मध्ये कार्नोने त्याला दोन आठवड्यांसाठी, आठवड्याला साडेतीन पौंडांवर, परीक्षेदाखल घेतले.

ही पार्श्वभूमी माहीत झाली की 'अ नाइट इन द शो'मधील गॅलरी वेगळी दिसू लागते. सव्विसाव्या वर्षी, जगातील सर्वाधिक लोकप्रिय नटांपैकी एक झाल्यावर, चॅप्लिनने बेसूर गायकांचे एक दृश्य रचले आणि स्वतः कोठे उभा राहिला? तो डॉट झाला नाही आणि डॅशही झाला नाही. त्याने फेकणाऱ्याची जागा घेतली, आणि एका जागेने भागले नाही म्हणून दोन्ही मजल्यांवरची. रंगमंचावर येईल त्याची धडगत नाही, असा पक्का बंदोबस्त. शेवटी आग गिळणारा खेळाडू येतो तेव्हा राउडी आग लागल्याच्या समजुतीने पाण्याचा नळच सोडतो. कलावंत, वादक, सभ्य प्रेक्षक, सारेच नखशिखान्त भिजतात.

हा सूड होता काय? तसे म्हणणे फार पुस्तकी होईल. कार्नोचे यशस्वी प्रहसन हाताशी होते, एस्सनेला ठरावीक मुदतीत चित्रपट हवे होते आणि ओळखीच्या मालावर पटकन काम उरकणे हा कोणत्याही व्यवसायातील रिवाज आहे. चित्रपटात डॉट आणि डॅश यांच्याविषयी कणव नाही, हेही प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. ते येतात, मार खातात, जातात. आल्डरशॉटच्या शिपायांनी हा चित्रपट पाहिला असता तर तेही मनमुराद हसले असते.

वेळ लागला, पण उत्तर आले

कणव पुढे आली, आणि तिला यावयास बरीच वर्षे लागली. हॅनाला मुलांनी १९२१ मध्ये कॅलिफोर्नियात आणले. अखेरची सात वर्षे ती समुद्राजवळच्या घरात, परिचारिकेच्या देखरेखीखाली राहिली आणि १९२८ मध्ये निवर्तली.

१९३१ च्या 'सिटी लाइट्स'मध्ये गायकाचा बेरंग करणारे एक दृश्य पुन्हा आले आहे. एका मेजवानीत गायक गाण्यासाठी उभा राहतो आणि शिट्टी गिळून बसलेल्या भटक्याला उचक्या लागतात. प्रत्येक उचकीबरोबर पोटातून शिट्टी वाजते. गाणारा बिचारा पुन्हा पुन्हा पवित्रा घेतो आणि पुन्हा पुन्हा थांबतो. परंतु येथे उपद्रव देणारा दांडगोबा नाही. तो शरमेने अर्धमेला झालेला आहे आणि त्याला स्वतःचा आवाज थांबविता येत नाही. आपल्या गळ्यावर ताबा न राहणे म्हणजे काय, हे आता विनोद करणाऱ्यालाच भोगावे लागत आहे.

पाच वर्षांनी 'मॉडर्न टाइम्स' आला. बोलपट स्थिरावून बराच काळ लोटला होता, तरी चॅप्लिनचा भटक्या अद्याप मुकाच होता. या चित्रपटाच्या शेवटाकडे त्याला उपाहारगृहात गाणारा वाढपी म्हणून नोकरी मिळते. गाण्याचे शब्द काही केल्या लक्षात राहत नाहीत, म्हणून पॉलेट गोडार्डने साकारलेली सखी ते त्याच्या बाह्यांच्या कफांवर लिहून देते. तो रुबाबात प्रवेश करतो, हात झटकतो आणि दोन्ही कफ उडून जातात. वाद्ये वाजत आहेत, लोक वाट पाहत आहेत, शब्द गेलेले आहेत. विंगेतून ती खुणावते, की नुसता गा, शब्दांचे राहू दे. मग तो फ्रेंच-इटालियनसारख्या भासणाऱ्या निरर्थक बोलांत गाऊ लागतो आणि अर्थ सगळा हातवाऱ्यांनी, डोळ्यांनी, पायांनी सांगतो. चित्रपटातील श्रोते खूश होतात. त्या भटक्याचा आवाज जगाने प्रथमच ऐकला, आणि तो ऐकला अशा प्रसंगी, की जेथे गायकाची फजिती ठरलेली होती आणि विंगेतल्या कोणीतरी त्याला सावरले. आल्डरशॉटच्या विंगेत उभा असलेला पाच वर्षांचा मुलगा येथे आठवला नाही तरच नवल.

१९५२ च्या 'लाइमलाइट'मध्ये त्याने म्युझिक हॉलचे जग पुन्हा उभारले. काळ १९१४ चा, स्थळ लंडन. कॅल्व्हेरो हा एके काळचा नामवंत विदूषक आता उतरणीला लागला आहे, मद्याच्या आहारी गेला आहे, आणि त्याची लोकांना हसविण्याची शक्ती ओसरली आहे. त्याच्या भूमिकेत स्वतः त्रेसष्ट वर्षांचा चॅप्लिन. अखेरच्या प्रवेशात त्याच्या सोबतीला पियानोवर मूकपटांच्या काळचा दुसरा सम्राट बस्टर कीटन. या चित्रपटाच्या संगीतासाठी चॅप्लिनला ऑस्कर मिळाले ते १९७३ साली, कारण लॉस एंजेलिसमध्ये चित्रपट रीतसर प्रदर्शित होण्यास १९७२ उजाडले. त्या शहरातील चित्रगृहांत तो वीस वर्षे पोहोचलाच नव्हता.

'लाइमलाइट'मध्ये कॅल्व्हेरो एकदा स्वप्न पाहतो. तो रंगमंचावर आपले जुने विनोदी गाणे म्हणत आहे, नेहमीच्या जागा घेत आहे, शेवटी वाकून अभिवादन करीत आहे. मान वर करून पाहतो तो समोरच्या खुर्च्या रिकाम्या आहेत. पुढे जागेपणी तो नाव बदलून एका सभागृहात उतरतो. प्रेक्षक या वेळी आहेत, पण ते जांभया देतात आणि एकेक करून उठून जाऊ लागतात. गॅलरीत कोणी राउडी नाही, खाली कोणी पेस्ट नाही. संत्र्याची एक सालदेखील कोणी फेकीत नाही.